युग्मतारे आणि रात्रीची वही

विद्यालयाच्या स्मरणिकेसाठी लेख मागणारे पत्र आले, तेव्हा मी वसतिगृहातील जुन्या आठवणी लिहाव्यात अशी संपादक मंडळाची अपेक्षा असावी. आठवणी पुष्कळ आहेत. त्यांपैकी एकच सांगून मला आपणा सर्वांपुढे एक सूचना मांडायची आहे.

संध्याकाळची वंदना, जेवण आणि अभ्यासिका आटोपली की उन्हाळ्यात आम्हांला गच्चीवर अंथरुणे घालण्याची मुभा असे. दहाच्या सुमारास गावातले दिवे मंदावत. भारनियमनाच्या दिवसांत तर ते पूर्णच जात. मग डोक्यावर जे आकाश उघडे होई, तसे आकाश शहरात आल्यापासून मी पाहिलेले नाही. त्या आकाशाखाली आम्ही वर्षानुवर्षे झोपलो, गप्पा मारल्या, तुटणारे तारे मोजले. पण त्यांतले काहीही कधी लिहून ठेवले नाही. लिहून ठेवायचे असते हे आम्हांला कोणी सांगितले नव्हते आणि आम्हांलाही सुचले नाही. आज महाविद्यालयात पदार्थविज्ञान शिकवताना त्या न लिहिलेल्या वह्यांची मला खंत वाटते. ती का वाटते, हे सांगण्यासाठी आधी मला ताऱ्यांविषयी काही सांगितले पाहिजे. वाचकांनी थोडा धीर धरावा.

आपला सूर्य एकटा आहे, म्हणून सगळे तारे एकटे असावेत असे आपण धरून चालतो. वस्तुस्थिती तशी नाही. आकाशातील फार मोठ्या संख्येने तारे जोडीने किंवा त्याहूनही मोठ्या कुटुंबात राहतात. सप्तर्षींतला वसिष्ठ घ्या. त्याच्या शेजारची अरुंधती डोळ्यांना दिसते, ती गोष्ट वेगळी. खुद्द वसिष्ठाचा मुख्य तारा हाही दोन ताऱ्यांचा मिळून बनलेला आहे आणि ते दोघे साडेवीस दिवसांत परस्परांभोवती एक फेरी पूर्ण करतात. कोणत्याही दुर्बिणीतून नुसते पाहून ते वेगळे दिसत नव्हते. १८८९ साली हार्वर्ड वेधशाळेत त्याच्या वर्णपटातील रेषा कधी एकेरी, तर कधी दुहेरी होतात हे लक्षात आल्यावर त्यांचा उलगडा झाला. त्या कामात अँटोनिया मॉरी या तरुणीचा मोठा वाटा होता. सारथी समूहातील दुसरा असाच तारा तर तिनेच शोधून काढला. वेधशाळेत तुटपुंज्या वेतनावर काचेच्या छायापट्ट्या तपासणाऱ्या स्त्रियांपैकी ती एक होती.

जे युग्मतारे परस्परांपासून फार दूर असतात, ते आपापले आयुष्य जवळजवळ एकट्यानेच जगतात. ज्यांच्यातले अंतर ताऱ्यांच्या आकाराच्या मानाने थोडे असते, त्यांना निकटचे युग्मतारे म्हणतात. त्यांच्या उत्तरायुष्यात जे घडते, ते एकट्या ताऱ्याच्या बाबतीत कधीच घडू शकत नाही. गेल्या शतकातील खगोलशास्त्राच्या काही सर्वांत महत्त्वाच्या शोधांचा उगम या जोड्यांमध्ये आहे.

या कथेची सुरुवात एका कर्णबधिर मुलापासून होते. जॉन गुडरिक हा १७६४ साली जन्मला. बालपणीच्या आजारात त्याची श्रवणशक्ती गेली. कर्णबधिर मुलांसाठी एडिंबरा येथे चालणाऱ्या शाळेत त्याला ठेवण्यात आले. पुढे इंग्लंडमधील यॉर्क येथे राहत असताना, शेजारी राहणारा मित्र एडवर्ड पिगट याच्यासह तो तारे पाहू लागला. १२ नोव्हेंबर १७८२ च्या रात्री ययाती समूहातील अल्गोल हा तारा नेहमीपेक्षा मंद दिसत असल्याची नोंद त्याने आपल्या वहीत केली. अल्गोलचे तेज कमीजास्त होते हे त्याआधी काहींनी पाहिलेले होते, परंतु त्यात नियम आहे हे कोणाच्या ध्यानी आले नव्हते. गुडरिक रात्रीमागून रात्री पाहत राहिला, वेळ लिहीत राहिला, आणि हा तारा २ दिवस, २० तास व काही मिनिटे इतक्या अंतराने नेमाने मंदावतो हे त्याने दाखवून दिले. अल्गोलभोवती फिरणारी दुसरी एखादी वस्तू मध्ये येऊन ग्रहण घडवत असावी, किंवा ताऱ्यावर डाग असावेत, असे दोन तर्क त्याने मांडले. १७८३ साली लंडनच्या रॉयल सोसायटीने त्याला कोप्ली पदक दिले, तेव्हा तो वीस वर्षांचाही नव्हता. १७८६ साली, वयाच्या एकविसाव्या वर्षी, तो वारला. त्याचा ग्रहणाचा तर्क खरा होता हे वर्णपटाच्या साहाय्याने सिद्ध व्हायला १८८९ साल उजाडावे लागले. मधल्या शंभर वर्षांत त्याची नोंद तेवढी टिकून राहिली.

आता या अल्गोलच्या जोडीचे वर्णन ऐका. पृथ्वीपासून सुमारे ९० प्रकाशवर्षांवर असलेल्या या जोडीतील दोन ताऱ्यांमध्ये एक कोटी किलोमीटरहूनही कमी अंतर आहे. सूर्य आपल्यापासून १५ कोटी किलोमीटरवर आहे, हे लक्षात घेतले म्हणजे ही जवळीक कळते. एक तारा सूर्याच्या तिपटीहून थोड्या अधिक वस्तुमानाचा, उष्ण, निळसर पांढरा आणि ऐन तारुण्यातला आहे. दुसरा सूर्याहूनही कमी वस्तुमानाचा, थंड, पण फुगलेला, म्हणजे वार्धक्याकडे झुकलेला आहे.

येथे विद्यार्थ्यांनी थांबून विचार करावा. ताऱ्याच्या आयुष्याचा साधा नियम असा की जो जितका जड, तो तितका उधळ्या. सूर्याचे आयुष्य सुमारे १००० कोटी वर्षांचे. सूर्याच्या दहापट वस्तुमानाचा तारा दोन-तीन कोटी वर्षांतच आपले इंधन संपवतो. एकाच वेळी जन्मलेल्या जोडीत जड तारा आधी म्हातारा व्हायला हवा. अल्गोलमध्ये मात्र हलका तारा म्हातारा आणि जड तारा तरुण, असे उलटे चित्र दिसते. खगोलशास्त्रात याला अल्गोलचा विरोधाभास म्हणतात. विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत त्याने अभ्यासकांना चकवले होते.

उत्तर समजण्यासाठी सह्याद्रीचा माथा डोळ्यांपुढे आणा. माथ्याच्या पश्चिमेला पडलेले पाणी कोकणात उतरते आणि अरबी समुद्राला मिळते. हातभर पूर्वेला पडलेले पाणी कृष्णा-गोदावरीमार्गे बंगालच्या उपसागरात जाते. दोन ताऱ्यांच्या गुरुत्वाकर्षणातही अशी पाणलोटाची सीमा असते. एदुआर रोश या फ्रेंच गणितज्ञाच्या नावाने ती ओळखली जाते. सीमेच्या आत असलेला वायू ज्याचा त्याच्याकडे राहतो. परंतु आधी म्हातारा होणारा जड तारा जेव्हा फुगू लागतो, तेव्हा एके दिवशी तो ही सीमा भरून टाकतो आणि दोघांच्या मधल्या खिंडीतून त्याचा वायू शेजाऱ्याकडे वाहू लागतो. देणारा हलका होत जातो, घेणारा जड होत जातो. अल्गोलमधला आजचा हलका म्हातारा हाच मुळात जड होता. आपले बहुतेक वस्तुमान देऊन तो आजच्या स्थितीला आला आहे. १९५५ साली क्रॉफर्ड आणि कोपाल यांनी हा विचार पुढे आणला. साठीच्या दशकात किपेनहान व वायगर्ट यांच्यासारख्यांनी संगणकावर ताऱ्यांची आयुष्ये पावलापावलाने मांडून दाखवली आणि विरोधाभास मिटला.

असे हस्तांतर एका जोडीत आजही जोरात चालू आहे, आणि ती जोडी आपल्या उन्हाळी गच्चीवरून दिसते. अभिजित ताऱ्याच्या शेजारी स्वरमंडळ समूहातील जो दुसऱ्या क्रमांकाचा, बीटा म्हणून ओळखला जाणारा तारा आहे, त्याची रूपविकारिताही गुडरिकनेच १७८४ साली शोधली. त्याचे आवर्तन सुमारे १३ दिवसांचे आहे आणि वायूच्या देवघेवीमुळे ते दर वर्षी १९ सेकंदांनी लांबत आहे. १९ सेकंद म्हणजे काहीच नव्हे असे वाटेल. पण गुडरिकच्या काळापासून आजवर ती सारी वाढ मिळून सव्वा तासाच्या आसपास होते. कोणी तरी अडीचशे वर्षे वेळा लिहून ठेवल्या, म्हणून हे कळले.

पुढची अवस्था अधिक विलक्षण आहे. काही जोड्यांत म्हातारा तारा इतका झपाट्याने फुगतो की त्याचे बाह्य आवरण दोघांनाही गिळून टाकते. सोबती त्या विरळ वायूत वाट काढत फिरतो, त्याची गती खर्ची पडते आणि तो आतल्या गाभ्याच्या जवळ जवळ येत जातो. अखेर आवरण अवकाशात फेकले जाते आणि उरतो तो एक श्वेतबटू, म्हणजे सूर्याएवढ्या वस्तुमानाचा पण पृथ्वीएवढ्या आकाराचा विझता निखारा, आणि त्याला बिलगून फिरणारा सोबती. पोलंडचे बोहदान पाचिन्स्की यांनी १९७६ साली ही कल्पना मांडली. तिचे उदाहरण वृषभ राशीत, रोहिणीच्या दिशेला दिसणाऱ्या तारकागुच्छातच आहे. तेथील एका जोडीत श्वेतबटू आणि साधा तारा साडेबारा तासांत परस्परांभोवती फिरतात. त्या श्वेतबटूचा पूर्वज तांबडा राक्षसी तारा होता. एवढा मोठा तारा आज त्यांच्यातल्या अंतरात मावलाच नसता; अर्थात ते अंतर नंतर कमी झाले.

अशा जोडीत सोबत्याचा हायड्रोजन वायू श्वेतबटूवर साचू लागला की पुरेसा थर जमल्यावर त्यात अणुकेंद्रीय भडका उडतो आणि जेथे डोळ्यांना काही दिसत नव्हते तेथे काही दिवसांसाठी तेजस्वी तारा दिसू लागतो. हाच नवतारा. श्वेतबटू त्यातून शाबूत राहतो आणि थर पुन्हा जमू लागतो. उत्तर मुकुट समूहातील एका जोडीने असा भडका १८६६ साली आणि पुन्हा १९४६ साली दाखवला. अभ्यासक तिच्या पुढच्या भडक्याच्या प्रतीक्षेत असतात.

जून १९१८ मध्ये गरुड समूहात विसाव्या शतकातील सर्वांत तेजस्वी नवतारा उजळला. तो स्वतंत्रपणे पाहणाऱ्यांत आपल्या उपखंडातील एक माणूस होता: जेसोर जिल्ह्यातील बागचर गावचे राधागोविंद चंद्र. ते प्रवेश परीक्षेत तीनदा नापास झाले होते आणि सरकारी खजिन्यात साधी नोकरी करीत होते. त्यांनी रूपविकारी ताऱ्यांच्या नोंदी अमेरिकेतील हौशी निरीक्षकांच्या संघटनेकडे पाठवायला सुरुवात केली. १९११ साली स्थापन झालेल्या त्या संघटनेने १९२६ साली त्यांना सहा इंच व्यासाची दुर्बीण पाठवली. फाळणीनंतर गाव सोडून ते पश्चिम बंगालात बारासात येथे आले. नोंदी मात्र थांबल्या नाहीत. त्यांची संख्या ३७ हजारांच्या वर गेली. ज्या नवताऱ्यापासून त्यांचा हा प्रवास सुरू झाला, ती सव्वातीन तासांत एक फेरी घेणारी निकटची जोडी आहे हे पुढे कळले. राधागोविंद चंद्रांच्या काळी नवतारा म्हणजे नेमके काय, हे कोणालाच ठाऊक नव्हते. १९५४ साली वॉकर यांना एक जुना नवतारा ग्रहणकारी युग्म असल्याचे आढळले आणि साठीच्या दशकात क्राफ्ट यांनी असे तारे साधारणपणे जोडीचेच असतात हे दाखवले. कारण माहीत नसतानाही नोंद अचूक असू शकते. कारण शोधणाऱ्याला पुढे तिचाच आधार लागतो.

श्वेतबटूलाही एक मर्यादा असते. लाहोरला जन्मलेले सुब्रह्मण्यन चंद्रशेखर १९३० साली जहाजाने इंग्लंडला निघाले असता ती त्यांनी गणिताने काढली: सूर्याच्या सुमारे १.४ पट वस्तुमान. त्यापलीकडे श्वेतबटू स्वतःला सावरू शकत नाही. जोडीतील श्वेतबटू या मर्यादेजवळ पोहोचला, किंवा दोन श्वेतबटू एकमेकांत मिसळले, तर संपूर्ण ताऱ्याचाच स्फोट होतो. यांतला कोणता मार्ग अधिक घडतो, हा वाद अजून मिटलेला नाही. असल्या अतिनवताऱ्यांच्या मोजणीतूनच १९९८ साली विश्वाचे प्रसरण वाढत्या वेगाने होत असल्याचे उघड झाले.

ज्या जोड्यांतील दोन्ही तारे फार जड असतात, त्यांच्या शेवटी दोन न्यूट्रॉन तारे किंवा कृष्णविवरे उरतात, अर्थात मधल्या स्फोटांत जोडी फुटली नाही तर. १९७४ साली रसेल हल्स हा संशोधक विद्यार्थी आणि त्याचे मार्गदर्शक जोसेफ टेलर यांना पावणेआठ तासांत फेरी घेणारी न्यूट्रॉन ताऱ्यांची जोडी सापडली. तिची कक्षा दर वर्षी सुमारे साडेतीन मीटरने आक्रसते आहे, तीही आइन्स्टाइनच्या सिद्धांताने सांगावी तेवढीच. गुरुत्वीय लहरींचा तो पहिला पुरावा होता. त्या लहरी प्रत्यक्ष टिपल्या गेल्या १४ सप्टेंबर २०१५ रोजी, दोन कृष्णविवरांच्या मीलनातून. १७ ऑगस्ट २०१७ रोजी सुमारे १३ कोटी प्रकाशवर्षांवर दोन न्यूट्रॉन तारे एकमेकांत मिसळल्याची लहर आली आणि तिच्यापाठोपाठ अवघ्या १.७ सेकंदांनी गॅमा किरणांचा झोत. सोन्यासारखी जड मूलद्रव्ये अशा मीलनांत तयार होतात, या कल्पनेला त्या घटनेने बळ मिळाले. त्या घटनेच्या मागाहून येणाऱ्या रेडिओ लहरींचा मागोवा घेणाऱ्यांत नारायणगावजवळच्या खोडद येथील तीस अँटेनांची आपली दुर्बीणही होती. गुरुत्वीय लहरींचा भारतातील शोधक प्रकल्प तर मराठवाड्यात, हिंगोली जिल्ह्यातील औंढा नागनाथ येथे होणार आहे. केंद्रीय मंत्रिमंडळाने त्याला एप्रिल २०२३ मध्ये मंजुरी दिली. आपल्या विद्यालयात मराठवाड्यातून येणारी किती मुले हे जाणतात?

येथे एका गोष्टीविषयी स्पष्ट बोलणे भाग आहे. आपल्या समाजातील व्याख्यानांतून एक वाक्य वारंवार ऐकू येते: विज्ञान आज जे सांगते, ते तथागतांनी अडीच हजार वर्षांपूर्वीच सांगितले होते. वस्तुमान देणारे-घेणारे तारे, क्षणोक्षणी बदलणाऱ्या कक्षा, यांचे वर्णन ऐकून कोणाला अनित्यता आणि परस्परावलंबन आठवेल. आठवायला हरकत नाही. परंतु म्हणून अल्गोलचा विरोधाभास सुत्तांत आधीच सोडवलेला होता असे म्हणणे मला पटत नाही. तो सोडवायला वर्णपट लागले, गणित लागले आणि पावणेदोनशे वर्षांच्या नोंदी लागल्या. परंपरेने आले म्हणून काही स्वीकारू नका, ही कालाम सुत्तातील शिकवण आपण मुलांना शिकवतो. ती खरोखर पाळायची असेल, तर विज्ञानाचे निष्कर्ष आपल्या खात्यावर जमा करण्याची घाई करण्याऐवजी तपासण्याची सवय मुलांच्या हाताला लावली पाहिजे.

तपासणे म्हणजे काय, याचे दोन नमुने सांगतो. २००८ साली वृश्चिक राशीत एक तारा अचानक उजळला. चिलीतील दुर्बिणीतून पोलिश खगोलशास्त्रज्ञ वेगळ्याच कामासाठी त्या भागाची छायाचित्रे अनेक वर्षे घेत होते. ती तपासली असता तेथे आधी सुमारे १.४ दिवसांच्या आवर्तनाची निकटची जोडी होती, तिचे आवर्तन वेगाने घटत होते आणि शेवटी दोन्ही तारे एक झाले, असा क्रम सापडला. दुसरा नमुना उलट आहे. २०१७ च्या आरंभी अमेरिकेतील एका प्राध्यापकांनी हंस समूहातील एक जोडी २०२२ च्या सुमारास अशीच एक होईल असे भाकीत केले. जगभर बातम्या आल्या. पुढच्याच वर्षी दुसऱ्या गटाने जुन्या नोंदी पुन्हा तपासल्या, तेव्हा एका जुन्या निबंधात ग्रहणाची वेळ बारा तासांनी चुकीची छापली गेल्याचे निघाले. ती चूक दुरुस्त करताच भाकिताचा आधारच गेला. मूळ प्राध्यापकांनी चूक मान्य केली. रात्र की दिवस, एवढ्या एका चुकीच्या वेळेवर ते भाकीत उभे होते. वहीत वेळ नीट लिहिण्याचे महत्त्व मुलांना सांगायला याहून चांगली गोष्ट मला माहीत नाही.

आता सूचना. आपल्या विद्यालयाच्या निधीतून नवे प्रवेशद्वार, सभागृहाचे नूतनीकरण, संगणककक्ष अशा गोष्टींचा विचार चालू असल्याचे कळते. त्यांना माझा विरोध नाही. परंतु निवासी शाळेजवळ अशी एक संपत्ती असते जी शहरातील कोणत्याही श्रीमंत शाळेकडे नसते: मुले रात्री तेथेच असतात, वर्षातील बहुतेक रात्री, आणि आकाश अजून पुष्कळसे काळे आहे. या संपत्तीचा आपण काहीच उपयोग केलेला नाही. मी घुमट बांधा, महागडी दुर्बीण आणा असे म्हणत नाही. अशा दुर्बिणी कपाटात धूळ खाताना मी पाहिल्या आहेत. एक जाड वही, तांबड्या कागदात गुंडाळलेली विजेरी, मराठी आकाशनकाशा, नीट चालणारे घड्याळ आणि आठवीपासूनच्या मुलामुलींची पाळी, एवढ्यावर काम सुरू होते.

हिवाळ्यात अल्गोल घ्यावा. एरवी तो देवयानीतील अल्माक या ताऱ्याच्या तोडीचा, दुसऱ्या प्रतीचा दिसतो. ग्रहणात साधारण पाच तास उतरत तो ३.४ प्रतीपर्यंत मंदावतो आणि तितक्याच वेळात पूर्ववत होतो. सोमवारी पहाटे तीनला तो सर्वांत मंद असेल, तर बुधवारी रात्री पावणेबाराच्या सुमारास आणि शनिवारी साडेआठनंतर पुन्हा तसा दिसेल. नववीतील मूल हे गणित स्वतः मांडू शकते आणि शनिवारी गच्चीवर जाऊन खरे-खोटे करू शकते. उन्हाळ्यात स्वरमंडळातील तारा घ्यावा. पावसाळ्यात वही बंद राहील. तेव्हा आलेख काढावेत. पुढे हात बसला की नोंदी जगभरच्या निरीक्षकांच्या संघटनेकडे पाठवाव्यात. ती प्रमाणपत्र मागत नाही. तारा, वेळ आणि प्रत मागते.

एक अट मात्र आहे. मुलींच्या वसतिगृहाला रात्री लवकर कुलूप लागते. त्यामागची काळजी मी समजतो. तरीही गच्ची मुलांना आणि खिडकी मुलींना अशी वाटणी या वहीच्या बाबतीत होता कामा नये. मुलींच्या वसतिगृहालाही गच्ची आहे. तिची किल्ली एखाद्या शिक्षिकेकडे द्यावी आणि त्यांच्या रात्रीच्या कामाची दखल विद्यालयाने मानधनात घ्यावी.

पालक विचारतील, आणि त्यांना विचारण्याचा पूर्ण अधिकार आहे: याने मुलाचे पोट भरणार का? मी खोटे आश्वासन देणार नाही. तारे पाहणाऱ्या शंभर मुलांपैकी एखादेच संशोधक होईल, कदाचित तेही नाही. मूलभूत विज्ञानाची वाट लांब आहे. पदवीनंतरही बरीच वर्षे घरी पैसे पाठवता येत नाहीत, आणि ज्या घरात पहिलीच पिढी शिकते आहे त्या घराला ती वर्षे परवडत नाहीत. मी स्वतः त्या वर्षांत दोनदा शिक्षण सोडण्याच्या बेतात होतो. थोरल्या बहिणीने आपली बचत पुढे केली म्हणून मी टिकलो. म्हणूनच माझी दुसरी सूचना माजी विद्यार्थ्यांना आहे. आपल्यातील जे स्थिरावले आहेत, त्यांनी पदवी आणि संशोधनवृत्ती यांच्या मधल्या वर्षांसाठी छोटा निधी उभारावा, मग त्यातून वर्षाला एकाच मुलाला किंवा मुलीला मदत मिळाली तरी चालेल. वैद्यकीय आणि अभियांत्रिकीच्या प्रवेशासाठी मदत करणारे हात आपल्याकडे आता पुष्कळ आहेत. विज्ञान शाखेची पदवी घेऊन पुढे शिकू पाहणाऱ्या मुलाकडे मात्र अजून आपण दयेने पाहतो.

उरलेल्या नव्व्याण्णव मुलांचे काय? ती शिक्षक होतील, तलाठी होतील, परिचारिका, वायरमन, शेतकरी होतील. आपण पाहिले तेवढेच लिहावे, वेळ खरी लिहावी, ढग आल्यास ढग आले असे लिहावे आणि चूक सापडली तर खोडरबर न वापरता एक रेघ मारून शेजारी दुरुस्ती करावी, एवढे त्यांच्या अंगवळणी पडलेले असेल. सातबाऱ्यावर, रुग्णाच्या तक्त्यावर आणि मतमोजणीच्या कागदावर या सवयीची किती गरज आहे, हे मी आपणांस सांगायला नको.

पहिल्या वहीसाठी आणि विजेरीसाठी लागणारी रक्कम मी या लेखासोबत विद्यालयाच्या कार्यालयाकडे पाठवत आहे. येत्या नोव्हेंबरात अल्गोल ईशान्येला वर येईल, तेव्हा पहिली नोंद कोणाची आहे ते मला कोणी तरी पत्राने कळवावे.